धुक्याच्या उतारावरचा कळप

कड्यावरून उतरायला लागताच धुक्यानं त्सेहायतूला गिळलं. पुढची शेळी दिसेना, मागचा सासरा दिसेना. गावानं घरोघरची एकेक शेळी काढून डोंगरापलीकडे सरकारशी लढणाऱ्या लढवय्यांसाठी हा कळप जमवला होता. तरणा पुरुष दिसला की सरकारी शिपाई उचलून नेत. म्हणून निघाली ती, आणि सोबत म्हातारा सासरा किफ्ले.

शेळ्यांच्या घंटांत गवत कोंबलेलं होतं. सगळं स्वप्नातल्यासारखं मुकं. झाडं माणसांसारखी जवळ येत, काही न बोलता मागं सरत.

"अबोय, आहात ना?" सासऱ्याला ती अबोयच म्हणे.

"आहे गं. माझे पाय आहेत की नाही, ते मात्र दिसत नाही."

दुपारी वारा सुटला नि धुकं फाटलं. खाली तांबूस माळ पसरला होता, आणि वर सरकारी विमानाची घरघर. उघड्या उतारावर पांढऱ्या शेळ्या चांदण्यांसारख्या उठून दिसत होत्या. त्सेहायतूनं झऱ्याकाठचा चिखल ओंजळीनं घेऊन त्यांच्या पाठी माखायला सुरुवात केली.

"अबोय, ती पांढरी शाल काढा!"

"हिचं सूत तुझ्या सासूनं कातलंय. चिखलात घातली तर देवाघरी गेल्यावर कान पिळेल माझा."

"काढता, की तिच्यातच पुरू तुम्हाला?"

म्हातारा शालीसकट चिखलात आडवा झाला. विमानाची सावली त्यांच्यावरून हलकेच सरकून गेली. आवाजानं बिथरून एका काळ्या शेळीनं मात्र कड्यावरून खाली उडी घेतली. विधवा लेतेमिकाएलची ती एकुलती एक शेळी. खालून काहीच आवाज आला नाही.

संध्याकाळी काटेरी झाडांच्या घळीत लढवय्ये भेटले. केस बारीक कापलेल्या एका मुलीनं त्सेहायतूचे पाय धुतले.

"माझा नवरा, गेब्रेआब, इथं आहे का?"

"इथं आलं की नाव बदलतं, ताई. असेलही."

चुलीच्या धुरात प्रत्येक चेहरा क्षणभर त्याचा वाटला. धूर विरला, की दुसऱ्याच कुणाचा.

गाभण शेळ्या कापायच्या नाहीत, जखमींना दूध होईल, असं ठरलं. "पण धार कोण काढणार?" किफ्ले म्हणाला, "ह्या पोरांना बंदूक धरता येते, आचळ नाही." आणि तो तिथंच राहिला.

सकाळी त्सेहायतू एकटीच चढण चढू लागली. लेतेमिकाएलला काय सांगायचं ते काही केल्या सुचेना. गोठ्यात उरलेली आपली तरणी शेळी तिच्या दारात बांधायची, एवढं तिनं ठरवलं, आणि ती धुक्यात शिरली.