शेवटच्या पंगतीचा खुराक

रिन्तारोची पाळी आली तेव्हा पातेल्यात कोबीची सात पानं, मुळ्याच्या चार चकत्या, टोफूचा एक तुकडा आणि अर्धं पातेलं रस्सा उरला होता. कोंबडी संपली होती. ती दरवेळी संपायचीच. सुमोच्या तालमीत पंगती मानाने बसतात. वरचे मल्ल आधी जेवतात, नवखे मागे उभं राहून वाढतात आणि शेवटी बसतात.

रिन्तारो एकोणीस वर्षांचा. वसंतात तो आकिताहून तोक्योला आला तेव्हा साडेएकोणऐंशी किलो होता, आता अठ्ठ्याहत्तर. वस्तादांनी बजावलं होतं, "सप्टेंबरच्या स्पर्धेआधी ब्याऐंशी भरला नाहीस तर गावी धाडेन. दीडशे किलोच्या गड्याखाली तुझी हाडं मोडलेली मला बघायची नाहीत." हातात जेमतेम नऊ आठवडे होते.

शेजारी हामाशिमा येऊन बसला. गुडघा गेल्यामुळे त्याने मे महिन्यात कुस्ती सोडली होती. आता तो तालमीचा कारभार बघायचा. वजन एकशे अठ्ठेचाळीस, आणि ते उतरवा म्हणून डॉक्टर मागे लागलेले.

"आधी रस्सा का ढोसतोस रे?"

"पोट भरतं, दादा."

"पाण्याने भरतं. दिवसभर घाम गाळणाऱ्याला किलोमागे पंचेचाळीस उष्मांक लागतात. कर गुणाकार."

"साडेतीन हजार."

"एवढ्यात वजन जागेवर राहील. आठवड्याला अर्धा किलो चढवायचं तर रोज पाचशे वर. म्हणजे चार हजार. आणि तू खातोस काय? दोन जेवणांत सहा वाडगे भात आणि हा पाला. तीन हजार शंभर."

"म्हणून उतरतोय होय मी."

"आणि माझं बघ. बसून असतो, मला किलोमागे बावीस पुरतात. उतरायचं म्हणून डॉक्टरांनी अडीच हजारांवर आणलंय, आणि पानात पहिल्या पंगतीची कोंबडी." तो हसला. "हे सगळे अंदाज हं. खरं ते काटा सांगेल."

दुसऱ्या दिवशी पहिल्या पंगतीला रिन्तारो वाढत होता. हामाशिमाने वाडगा पुढे केला.

"भर. कोंबडी घाल. दोन अंडी घाल."

रिन्तारो चपापला, पण वाढत गेला. पलीकडे जेवत बसलेल्या ओकुमुरा नावाच्या मल्लाने टोमणा मारला, "काय दादा, डॉक्टर वारले की काय?"

"सुट्टीवर गेलेत."

हामाशिमाने घासही घेतला नाही. वाडग्यावर ताटली झाकली आणि शेवटच्या पंगतीला तो रिन्तारोशेजारी येऊन बसला. वाडगा त्याच्यासमोर सरकवला, पातेलं स्वतःकडे ओढलं.

"कोबी माझा. रस्साही माझा."

"पण दादा, हे पहिल्या पंगतीचं आहे."

"पहिल्या पंगतीतच वाढलंस की. पुढे त्याचं काय करायचं ते माझं मी बघेन."

दारातून जाताना वस्तादांनी वाडगा पाहिला, पातेलं पाहिलं. "पोराला भात कमी पडेल," एवढं म्हणून ते पुढे गेले.

जेवणाआधी सगळेच अन्नाला हात जोडतात. त्या दिवसापासून रिन्तारोचे हात किंचित डावीकडे वळू लागले, हामाशिमा बसायचा तिकडे.

"अन्न समोर आहे, बाळा."

"माहीत आहे, दादा."

सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारी वस्तादांसमोर दोघं काट्यावर चढले. हामाशिमा एकशे बेचाळीस किलो. रिन्तारो ब्याऐंशी किलो तीनशे ग्रॅम.