गप्प बसणारा डेलिगेट

सकाळपासून हेडबाईंचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. हेडबाई हे ऑफिसने ठेवलेलं नाव. दुसऱ्यांच्या प्रोग्राममधल्या चुका काढण्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं. आज मात्र त्या स्वतःचीच जुनी फाइल उघडत होत्या, मिटत होत्या, उगाच पाणी प्यायला उठत होत्या.

त्यांच्या कंपनीचा प्रोग्राम वापरणाऱ्या हॉस्पिटलात दुपारी चारला एका सिस्टरची चौकशी होती. पेशंट अत्यवस्थ असताना डॉक्टरांना बोलावलं नाही, असा ठपका. पेशंट कसाबसा वाचला. सिस्टरचं म्हणणं, कॉम्प्युटरवरच्या यादीतून डॉक्टर निवडले, बोलावण्याचं बटण दाबलं. तिच्या तक्रारीला "बटण नीट दाबावे" असं उत्तर हेडबाईंनीच धाडलं होतं.

ती यादीही त्यांचीच. यादी स्वतः काही करत नसे. निवडलेलं नाव डेलिगेटच्या, म्हणजे पुढचं काम करणाऱ्या तुकड्याच्या हवाली करून मोकळी होई. औषधं असोत, खाटा असोत की डॉक्टर, एकच यादी सगळीकडे चालावी म्हणून हेडबाईंनी तिला 'काहीही' पुढे सरकवायची मुभा दिली होती. आणि डेलिगेटला बजावलं होतं, ओळखीचं नसेल तर गप्प बस. केवढा तो शहाणपणा!

दोन वाजता त्यांनी 'काहीही' खोडून जेनेरिक लिहिलं. यादी कशाचीही असो, पण ज्याची यादी त्याचाच डेलिगेट. जोडी जुळली नाही तर प्रोग्राम तयारच होणार नाही. झालंच नाही तो तयार. पडद्यावर लाल ओळ उमटली: यादीत बाहेरून येणारे डॉक्टर, आणि डेलिगेट ओळखतो फक्त हॉस्पिटलच्या पगारी डॉक्टरांना. सिस्टरने त्या दिवशी बाहेरच्याच डॉक्टरांना बोलावलं होतं. हेडबाईंनी ती ओळ तडक आपल्या साहेबांना नेऊन दाखवली.

"चौकशी होऊन जाऊ दे," साहेब म्हणाले. "मग गुपचूप दुरुस्त करू. कशाला हात दाखवून अवलक्षण?"

"साहेब, तिची नोकरी जाईल."

"आणि आपलं कंत्राट?"

हेडबाई जिन्यात आल्या. तीनदा फोन काढला, तीनदा पर्समध्ये टाकला. चौथ्यांदा लावला.

"सिस्टर, ती यादी मी लिहिलीय. तुम्ही बटण दाबलं होतंत. चूक माझी आहे. चारला येऊन सगळ्यांसमोर सांगते."

"नक्की दाबलं होतं ना मी?" सिस्टरने विचारलं. "कालच लिहून दिलं हो, की दाबायला विसरले म्हणून. मलाही तसंच वाटायला लागलं होतं."