एक्झिटला टाळी

“चहा आणलाय, सर,” लेनर्ड पिकव्हान्स म्हणाला आणि ट्रे घेऊन उभा राहिला.

आरामखुर्चीतल्या रूपर्ट डेव्हनिशने यावर म्हणायचं होतं, “चहा? मी तर विष मागितलं होतं.” रोज इथे हशा यायचा. आज रूपर्ट बोललाच नाही. मांडीवर वर्तमानपत्र, मान एका बाजूला किंचित कललेली.

विसरला, लेनर्डच्या मनात आलं. हल्ली रूपर्ट विसरायला लागला होता. विंगेतून हिल्डाने, म्हणजे त्यांच्या स्टेज मॅनेजरने, वाक्य कुजबुजून दिलं. मग जरा मोठ्याने दिलं. ते पहिल्या रांगेतल्या म्हाताऱ्यांनाही ऐकू गेलं आणि त्या खुदकन हसल्या. बुधवारचा दुपारचा प्रयोग, समुद्रकाठच्या गावातलं थिएटर, आणि प्रेक्षक म्हणजे मुख्यतः मध्यंतरात खुर्चीवर चहाचा ट्रे मागवणाऱ्या पेन्शनर बायका. त्यांना रूपर्टच्या न बोलण्याचंही कौतुक होतं.

“सरांना चहाचा आवाज फार झाला वाटतं,” लेनर्ड म्हणाला. हे वाक्य नाटकात नव्हतं.

सभागृह खळखळून हसलं. लेनर्ड दचकला. या नाटकात त्याच्या वाक्याला कधी कोणी हसलं नव्हतं. हसू येण्याआधीच रूपर्ट बरोब्बर खोकायचा, नाहीतर वर्तमानपत्राचं पान उलटायचा. चाळीस वर्षं तो लेनर्डचे हशे असे खात आला होता, आणि लेनर्डही रोज विंगेत त्याला सांगायचा, “एक दिवस तुझ्या खोकल्याचं औषधच आणतो बघ, भामट्या.”

आज कोणी खोकलं नाही.

लेनर्डने ट्रे ठेवला, कप पुढे करण्याच्या निमित्ताने वाकला आणि रूपर्टच्या मनगटावर बोटं टेकवली. युद्धात इटलीला त्याने स्ट्रेचर वाहिले होते. असं मनगट त्याला ओळखू यायचं. रूपर्टचे डोळे अर्धवट उघडे होते आणि ते कशाकडेच पाहत नव्हते.

‘पडदा! डॉक्टर!’ असं ओरडायला लेनर्डने तोंड उघडलंही, पण तेवढ्यात प्रेक्षकांतून एक हसणं आलं. जाड, घोगरं, शेवटाला शिंकल्यासारखं. मार्जरीचं. रूपर्टची बायको दर बुधवारी मैत्रिणींना घेऊन तिसऱ्या रांगेत बसायची.

तिला हे कळायचं ते सहाशे लोकांसमोर? आपल्या तोंडून? असं?

लेनर्डने तोंड मिटलं.

तशी त्याला गप्प राहायची सवय होती. लँकेशरमधल्या एका फिरत्या कंपनीत दोघं एकदमच लागले, एकाच घरमालकिणीकडे राहिले, एकाच तव्यातले खारे मासे खाल्ले. पुढे रूपर्टचं नाव थिएटरबाहेर दिव्यांनी लिहिलं जाऊ लागलं आणि लेनर्डने ट्रे उचलले. बटलर, पाद्री, स्टेशनमास्तर, प्रेत सापडल्याची बातमी आणणारा हवालदार. सिनेमे इतके केले की सगळ्यांची नावं त्यालाही आठवत नसत. रस्त्यात लोक त्याला थांबवायचे आणि विचारायचे, “अहो, तुम्ही पूर्वी आमच्या बँकेत होता ना?” तो म्हणायचा, “हो, होतो की.” खरं सांगितलं तर त्यांनाच ओशाळल्यासारखं व्हायचं.

आता तो सरळ उभा राहिला. सोफ्यावरची शाल उचलली, झटकली आणि रूपर्टच्या छातीपर्यंत हळूच ओढली. हनुवटीखाली उशी सरकवली, म्हणजे मान आणखी ढळणार नाही.

“पाहुणे आले तर काय सांगू, सर?” त्याने विचारलं. आवाज त्याचा नव्हता, नाटकातल्या बटलरचा होता, आणि त्या बटलरला कशाचीच भीती नव्हती. तो थांबला. उत्तराची वाट पाहिली. “बरं. मालक कोणालाही भेटणार नाहीत, असं सांगतो.”

थिएटर हशाने दणाणून गेलं. बायका एकमेकींच्या दंडांवर थापा मारत होत्या. त्या गदारोळातून मार्जरीचं शिंकल्यासारखं हसणं त्याला वेगळं ऐकू येत होतं, आणि त्याने ट्रे उचलून पोटाशी आवळून धरला.

तो दाराकडे निघाला. धावावंसं वाटत होतं, पण बटलर धावत नाहीत. दाराशी वळून त्याने खुर्चीकडे पाहून मान लववली. तो बाहेर पडता पडता टाळ्या सुरू झाल्या आणि थांबेनात. एक्झिटला टाळी. उभ्या आयुष्यात त्याला ती मिळाली नव्हती.

विंगेत हिल्डा लाल होऊन उभी होती. “लेनर्ड, डोकं फिरलंय का तुझं? हे काय चालवलंयस? आणि त्याला काय झालंय?”

“पडदा टाक.”

“अरे, अंक अजून...”

“हिल्डा, रूपर्ट गेला. पडदा टाक. हळू टाक, नेहमीसारखा. आणि मी मार्जरीला आत आणेपर्यंत बाहेर कोणी अवाक्षर बोलायचं नाही.”

हिल्डाने कळ दाबली. पडद्यापलीकडे लोक अजून टाळ्या वाजवत होते.

शेजारच्या गल्लीतला डॉक्टर आला, खुर्चीपाशी गुडघ्यावर बसला आणि थोड्या वेळाने उठून त्याने मान हलवली. “झटक्यात गेलेत. तुम्ही ट्रे घेऊन आलात त्याच्याही आधी, असंच दिसतंय.” लेनर्डला यावर बरं वाटायला हवं होतं. त्याला काहीच वाटेना.

बॉक्स ऑफिसमागच्या खोलीत मार्जरीला आणून बसवलं होतं. लेनर्ड बटलरच्याच कोटात आत शिरला. ती रुमालाने डोळे टिपत होती, अजूनही हसतच.

“लेनी! चोरा! त्याच्या तोंडचा अख्खा प्रवेश पळवलास की रे! तो आता तुला फाडून खाईल बघ. कुठाय? रुसून बसलाय ना?”

लेनर्ड उभाच राहिला.

“मॅज,” तो म्हणाला. या नावाने तिला फक्त रूपर्ट हाक मारायचा. ते कसं तोंडातून निघालं ते त्यालाही कळलं नाही.

तिचा रुमाल गालापाशीच थांबला.

“मी हसत होते,” ती म्हणाली. “लेनी, मी हसत होते.”

“सगळेच हसत होते, मार्जरी.”

“आणि तुला माहीत होतं?”

“माहीत होतं.”

तिने हात उगारला. मारते की काय, असं त्याला वाटलं, आणि तिने मारलं असतं तर त्याची ना नव्हती. पण तिने त्याच्या कोटाची बाही घट्ट पकडली, पकडून ठेवली, आणि म्हणाली, “चल. मला ने तिथे.”

रंगमंचावरचे मोठे दिवे मालवले होते. एकच साधा दिवा चालू होता. मार्जरी खुर्चीसमोर उभी राहिली आणि पाहत राहिली. तोंडावर रंग, भुवया काळ्या रेखलेल्या, ओठावर नाटकातल्या कर्नलसाहेबाच्या पिळदार मिशा.

“हा माझा रूपर्ट नाहीये,” ती म्हणाली. “हे काढ सगळं. दुसऱ्या कोणाला हात लावू देऊ नकोस. तू काढ.”

लेनर्डने आपल्या मेकअपच्या पेटीतून क्रीम, कापूस आणि स्पिरिटची बाटली आणली. खुर्चीपुढे स्टूल ओढून बसला. कपाळ पुसलं, भुवया पुसल्या. एकेका कापसानिशी कर्नल उतरत गेला आणि खाली लँकेशरचा, थोडा सुजलेला, म्हातारा चेहरा दिसू लागला. मार्जरी खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभी होती.

मिशा उरल्या. त्याने कापसावर स्पिरिट घेतलं, डाव्या हाताने रूपर्टची हनुवटी धरली आणि मिशीची डिंकाने चिकटवलेली कड भिजवली.

“जरा झोंबेल हं,” तो म्हणाला.