पहिले चार इंच

मित्रांनो, मी एक जुनी, टोकाशी जळलेली टेप आहे. शिवणकाम करणाऱ्या एका काकूंच्या गळ्यात गेली अठरा वर्षं लटकते आहे. आधीच सांगते, सध्या माझं डोकं ठिकाणावर नाही.

कारखान्यातून आले तेव्हा माझ्यावर साठ इंच ठळक छापलेले होते आणि टोकाला पितळी पत्रा होता. शाळेचे गणवेश, पडदे, कोट, मी काय मोजलं नाही? "काकूंचं माप म्हणजे माप," असं गिऱ्हाईक म्हणायचं आणि मी मनातून फुलायचे. मग एकदा तापलेली इस्त्री माझ्यावर राहिली. पत्र्यासकट पहिले चार इंच जळाले. काकूंनी जळका भाग कातरला. नवी टेप घ्यायची सोडून म्हणाल्या, "चारपासून मोजायचं, त्यात काय?" हात असा बसला की कुणाची बाही कधी आखूड झाली नाही.

काकूंचे सासरे चाकांच्या खुर्चीत असतात. घरातून रस्त्यावर जायला एकच बोळ. खरेदीखतात तो तीस इंच लिहिलेला. शेजारच्या छपाईवाल्याने गोदामाची भिंत पुढे घेतली आणि सत्तावीस इंचांची खुर्ची बोळात अडकली. काकूंनी मला चारपासून लावून मोजलं: सव्वीस. त्यांनी दावा लावला.

कोर्टाने पाहणीसाठी एक साहेब पाठवले. त्यांच्या टेपचं चाक अडकलं, म्हणून त्यांनी काकूंकडे टेप मागितली. काकू खरेदीखत उलगडत होत्या. त्यांनी मला गळ्यातून काढून दिलं आणि चारपासून मोजा, हे सांगायचंच राहिलं. इतक्या वर्षांच्या सवयीची गोष्ट कोण बोलून दाखवतं? साहेबांनी माझं जळकं टोक एका भिंतीला लावलं, दुसऱ्या भिंतीशी आकडा वाचला आणि तीस लिहिलं. मला वाचा असती तर मी ओरडले असते!

अहवाल दाखल झाला. काकूंनी तो वाचला नाही, वकील "बघू, बघू" म्हणत राहिले आणि हरकतीची मुदत टळली. खुर्ची अडकते, असं काकूंनी साक्षीत सांगितलं. खुर्चीच मोठी आहे, असं छपाईवाला म्हणाला. कोर्टाने अहवाल ग्राह्य धरला आणि दावा फेटाळला. चार इंचांचा फरक कुठून आला हे काकूंना कळेना. दोन दिवसांनी एका सदऱ्याचं कापड चारपासून मोजताना त्यांचा हात थांबला. साहेबांना 'चारपासून' सांगायचं राहिलं होतं, हे तेव्हा त्यांच्या ध्यानात आलं.

अपिलात त्या मला पिशवीत घालून वरच्या कोर्टात घेऊन गेल्या. न्यायाधीश सौम्य होते, म्हणूनच जास्त राग येतो. ते म्हणाले, "बाई, तुमची अडचण मला दिसते. पण इथे पुन्हा मोजणी होत नाही. खालच्या कोर्टाने साक्षी ऐकल्या, अहवाल पाहिला आणि बोळ तीस इंच ठरवला. त्याला पुरावाच नसता किंवा कायदा चुकला असता, तर मी हात घातला असता. नवा पुरावा घ्यायचा तर तो आधी मिळणं अशक्य होतं, हे दिसलं पाहिजे. खटला चालू असताना ही टेप कुठे होती?"

"माझ्या गळ्यात," काकू म्हणाल्या.

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात, ते हेच. प्रत्येक कोर्ट नव्याने मोजायला बसलं तर कुठलंच भांडण संपायचं नाही, एवढं मला कळतं. पण चुकीचा आकडा कायमचा खरा ठरला, तोही माझ्या तोंडून, याला मी काय करू?

आता काकूंनी माझ्या टोकाला चार इंचांची पांढरी फीत शिवून तिच्यावर शाईने आकडे घातलेत. मित्रांनो, वस्तूचा दोष अंगवळणी पडला म्हणून तो जात नाही. ती दुसऱ्याच्या हाती देताना दोष आधी सांगा आणि आपल्याबद्दल लिहिलेला कागद वेळेत वाचा.

रोज सकाळी काकू आणि त्यांचे यजमान सासऱ्यांना उचलून बोळातून नेतात. खुर्ची घडी करून मागून आणतात. काल सासरे म्हणाले, "हळू, कोपर घासतंय." बाहेर पोचल्यावर काकूंनी मला बोळात आडवं धरलं. आता मी पहिल्या इंचापासून बरोबर सांगते. सव्वीस.