जिन्याखालचं स्टूल

मी एक स्टूल. लाकडाचं, चार पायांचं, त्यातला चौथा पाय अर्धं बोट आखूड. सुतारानं उरलेल्या फळ्यांतून मला जन्माला घातलं आणि देताना म्हणाला, "जरा डुगडुगतंय, चालवून घ्या." हे शब्द पुढे मी इतक्यांदा ऐकले की विचारू नका!

पाणी तपासायच्या सरकारी प्रयोगशाळेत मी आलो. बल्ब बदलायचा असला की माझी आठवण, एरवी जिन्याखाली झाडूंच्या शेजारी मुक्काम. मग एका सकाळी साहेबांनी मला पुसून घेतलं आणि तपासनीस बाईंना माझ्यावर बसवलं.

बाईंची हकिकत साऱ्या कार्यालयाला ठाऊक होती. एका वस्तीच्या नळाचं पाणी दूषित निघालं, तेव्हा साहेब म्हणाले होते, "चांगलं आहे असं लिहा. चालवून घ्या."

"लहान लेकरं पितात ते, साहेब," बाई म्हणाल्या. झालं, नोकरी गेली! चार वर्षं त्या कोर्टात भांडल्या आणि जिंकल्या. आदेश स्वच्छ होता: बाईंना त्याच पदावर, त्याच कामावर परत घ्या. साहेबांनी घेतलं की, जिन्याखाली! सकाळी सही करायची, माझ्यावर बसायचं, पाचला घरी.

सात महिने हेच. डबासुद्धा त्या मांडीवर ठेवून खात. एकदा माझ्या कडेवरून हात फिरवत म्हणाल्या, "बाबा रे, सूक्ष्मदर्शकातून बघायचं विसरून जाईन मी." मला फार वाईट वाटलं. त्या दिवशी मी जराही डुगडुगलो नाही.

शेवटी बाईंनी न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज केला. साहेबांनी शपथेवर लिहून दिलं की आदेशाचं पूर्ण पालन झालं आहे. ते पालन कसं दिसतं हे दाखवायला बाईंच्या वकिलांनी मला हजर करायची परवानगी काढली. बाईंनी मला काखोटीला मारलं. कोर्टाच्या दारावरच्या पोलिसानं विचारलं, "बाई, हे काय?"

"माझी नोकरी," बाई म्हणाल्या.

अबब, काय ते दालन! तिथला बल्ब बदलायचा तर माझ्यासारखी दहा एकावर एक लागतील. माणसं खच्चून भरलेली, पण खोकणारासुद्धा तोंडावर रुमाल धरून खोकत होता. मला वाटलं, न्यायाधीश म्हणजे कुणीतरी गरजणारं असणार. पाहतो तर पिकल्या केसांच्या, किरकोळ अंगाच्या बाई. त्यांनी चष्मा पुसून मला नीट न्याहाळलं. उभ्या जन्मात कुणी माझ्याकडे असं पाहिलं नव्हतं हो!

"यावर बसून या काय काम करतात?" त्यांनी साहेबांना विचारलं.

"जागा दिलीय ना... तूर्त चालवून घ्यावं, अशी विनंती."

"चालणार नाही."

आवाज चढवला नाही, टेबलावर हात आपटला नाही. तरी ज्यांच्या गाडीचं दार दुसरे उघडतात, ते आमचे साहेब घाम पुसत माफी मागू लागले. न्यायाधीश म्हणाल्या, "उद्या दहाला बाई आपल्या टेबलाशी हव्यात. आणि तुम्हाला शिक्षा म्हणून आज कोर्ट उठेपर्यंत इथंच बसून राहायचं."

बाकं गच्च भरलेली. पट्टेवाल्यानं इकडेतिकडे पाहिलं आणि मला पुढे सरकवलं. "साहेब, हेच तेवढं मोकळं आहे."

पाच तास बसले साहेब. डावीकडे डुग, उजवीकडे डुग. मी मुद्दाम काही केलं नाही, शप्पथ! तिसऱ्या प्रहरी ते शेजारच्या बाकावरच्या बाईंकडे वळून हळूच म्हणाले, "सात महिने... यावर?"

"हो," बाई म्हणाल्या.

आता मी प्रयोगशाळेत बाईंच्या टेबलाशी असतो. फिरती खुर्ची होती, पण त्यांनी मलाच मागून घेतलं आणि आखूड पायाखाली लाकडाची चकती ठोकून घेतली. पहिल्याच दिवशी त्यांनी त्याच वस्तीचं पाणी मागवलं. बराच वेळ सूक्ष्मदर्शकातून पाहिलं आणि लिहिलं, 'पिण्यास अयोग्य'. कागद साहेबांकडे गेला.

तुम्हीही कधी कुणाला नुसतं बसवून ठेवणार असाल, तर आधी स्वतः थोडा वेळ बसून बघा, एवढीच माझी विनंती. आमचे साहेब बसून आले होते. त्यांनी कागद दोनदा वाचला आणि सही केली.