राणीच्या महालामागचा झिरा

मनकर्णानं तांब्या वर धरून पाण्याची धार घशात सोडली, ती तांब्या रिकामा होईस्तोवर. मग पदरानं तोंड पुसलं आणि मोठ्या समाधानानं म्हणाली,

"आहा! काय गोड पाणी हाये, बाप्पा!"

आणि मग तिचं लक्ष बाकीच्यांकडे गेलं. राणीच्या महालाच्या पायऱ्यांवर सहलीची वीस माणसं उभी होती आणि सगळी थुंकत होती. खुशालरावांना तर ठसका लागला होता. त्यांची बायको पार्वताबाई एका हातानं नवऱ्याची पाठ चोळत होती, पण डोळे मनकर्णाच्या रिकाम्या तांब्यावर होते.

"मंडळी, विहिरीचं पाणी कोणी पिऊ नका, हे मी सांगणारच होतो," छत्री उघडत वामनराव म्हणाले. अमरावतीच्या शाळेतून निवृत्त झालेले हे मास्तर दर माघात वऱ्हाडातल्या हौशी लोकांना समुद्र दाखवायला आणत. चार दिवस, दोन बंदरं, दोन राजवाडे. सांगण्यासारखी गोष्ट ते नेहमी जरा उशिराच सांगत.

महालाचा म्हातारा राखणदार भगवंत हात जोडून उभा होता. "विहीर आधी बरी होती हो. दोन वर्षांमागं संस्थानच्या साहेबांनी आणखी खोल केली, तेव्हापासून बिघडली. गोडं पाणी रोज माडबंदराहून होडीनं येतं. आज पिंप आलंच नाही. तहान लागली म्हणालात, म्हणून दिलं."

मनकर्णाला त्याचं बोलणं ऐकू येत होतं आणि येतही नव्हतं. तिच्या मनात एवढंच, की झालं, मी माझ्याच हातानं पोराचं लग्न मोडलं.

कारण ही सहल काही नुसती समुद्र पाहायला नव्हती. मनकर्णाचं गाव तेल्हाऱ्याच्या अलीकडे, खारपाणात. पूर्णेच्या दोन्ही अंगांना तो काळ्या जमिनीचा पट्टा आहे. कापूस असा पिकतो की पाहत राहावं, पण विहीर खणली की पाणी खारं. त्या पाण्यात डाळ शिजत नाही आणि साबणाला फेस येत नाही. म्हणून गोड्या पाण्याच्या गावचे लोक खारपाणात पोरगी देत नाहीत. स्थळ कितीही चांगलं असू दे, गावाचं नाव ऐकलं की पानसुपारी घेऊन उठतात. मनकर्णाच्या देवीदाससाठी तीन ठिकाणांहून असेच पाहुणे उठून गेले होते.

मग अमरावतीत दिलेल्या तिच्या नणंदेनं, बेबीताईनं, ही शक्कल काढली. नांदगाव पेठेचे खुशालराव, संत्र्याचे बागाईतदार, बायको आणि लेक शालूला घेऊन वामनरावांच्या सहलीला निघाले होते. बेबीताईनं भावाची आणि भावजयीची नावं त्याच सहलीत घातली. "चार दिवस एका पंगतीत जेवा," ती म्हणाली होती. "माणसं पटली की गाव कोण विचारते? अन् पाण्याची गोष्ट तू काढू नको, वहिनी. विचारलं तं तेल्हारा म्हण."

बडनेऱ्याला गाडीत बसल्यापासून मनकर्णा तेल्हाराच म्हणत आली होती. आणि माणसं खरंच पटली होती! पार्वताबाईनं तिला आपल्या डब्यातला ठेचा दिला होता. मनकर्णाचा नवरा नत्थुजी पहिल्यांदा समुद्रापुढं उभा राहून "एवढं पाणी, अन् एका वावराच्या कामाचं नाई!" म्हणाला, तेव्हा खुशालराव पोट धरून हसले होते. शालू तर येता-जाता तिच्याच जवळ बसायची. पोरगी बोलायला कमी, पण पाहायची सगळं. मनकर्णाला ती इतकी आवडली होती, की रात्री झोपेतसुद्धा ती देवीदासच्या शेजारी पाटावर बसलेली दिसे.

आणि आता हे!

"पेली काहून पुरा तांब्या?" नत्थुजी तिच्या कानाशी कुजबुजला.

"तहान लागली होती."

"सगळ्यायलेच लागली होती ना!"

वामनरावांनी टाळ्या वाजवून मंडळींना आत घेतलं. आत एक आरसेमहाल होता. भिंती म्हणू नका, छत म्हणू नका, सगळीकडे आरसे. राणीसाहेब उन्हाळ्यात इथं येत, त्यांच्या पालखीचे दांडे चांदीचे होते, असं बरंच काही वामनराव सांगत होते. एरवी मनकर्णानं शब्द न् शब्द कानात साठवून गावी नेला असता. आज तिला समोर, बाजूला, डोक्यावर, जिकडे पाहावं तिकडे स्वतःचंच पडलेलं तोंड दिसत होतं. मग प्रत्येक आरशात त्या तोंडाशेजारी पार्वताबाई येऊन उभी राहिली.

"खरं सांगा, बाई. तुमच्या गावचं पाणी असंच हाये?"

बेबीताईनं शिकवलेलं उत्तर मनकर्णाच्या जिभेवर आलं. पण एवढ्या आरशांतून ती बाई आपल्याकडे पाहत असताना तिला ते बोलवेना.

"नाई," ती म्हणाली. "याच्याहून खारं हाये. म्हणून तं हे गोड लागलं."

"मंग तुमी पेता काय?"

"कोसभर नाल्यावरून आणतो. डोक्यावर. नाई पुरलं तं विहिरीचंच पेतो."

"अन् हे आमाले कवा सांगणार होत्या?"

पार्वताबाई वळली आणि लेकीचा हात धरून पलीकडच्या दालनात निघून गेली. थोड्या वेळानं खुशालराव नत्थुजीजवळून गेले, ते नत्थुजीनं पुढं केलेली तंबाखूची चंची न पाहिल्यासारखं करून. झालं. चौथे पाहुणेही उठले.

महाल पाहून मंडळी किनाऱ्यावर परत आली तो समुद्र जागेवर नव्हता. खाडीचं पाणी ओसरून सकाळी त्यांना घेऊन आलेली होडी चिखलात आडवी पडली होती आणि तांडेल तिच्या सावलीत घोरत होता. त्याला उठवलं, तर तो म्हणाला, भरती लागेल तेव्हा होडी निघेल. म्हणजे दिवेलागणीला. वामनरावांनी छत्री मिटली, पुन्हा उघडली. सकाळी बरोबर आणलेल्या दोन्ही घागरी कधीच संपल्या होत्या. पोरं रडायला लागली. माघातलं असलं तरी समुद्रावरचं ऊन ते, वाळूतून उलटं तोंडावर येत होतं. शालू माडाच्या सावलीत बसली होती. तिचे ओठ पांढरे पडले होते आणि पार्वताबाई तिला पदरानं वारा घालत होती.

मनकर्णानं ते पाहिलं आणि तिचं तिलाच नवल वाटलं, की आपण आतापर्यंत रडत काय बसलो! सोयरीक गेली तर गेली. पण पोरगी तहानेली आहे आणि मी खारपाणातली बाई नुसती बसून आहे?

ती उठली. महालाच्या मागं वाळूची उंच टेकडी होती, तिच्यापलीकडे, समुद्राच्या उलट अंगाला, सखल जागा. तिथं केवड्याचं बेट होतं आणि त्याच्या पायथ्याशी हिरवं, कोवळं गवत. मनकर्णानं चपला काढल्या आणि वाळूवर पाय ठेवला. मग दोन पावलं बाजूला. मग आणखी चार. एका जागी तळव्याला गार लागलं. तिथं तिनं नऊवारीचा ओचा खोचला, गुडघ्यावर बसली आणि नारळाची करवंटी घेऊन वाळू उपसायला लागली.

नत्थुजी धावत आला. चाळीस वर्षं गावच्या बायकांना नाल्याच्या वाळूत झिरे खणताना पाहिलेला माणूस, त्याला काही सांगावं लागलं नाही. तोही बसला. कोपरभर खड्डा झाला तशी वाळू ओली लागली, मग तळाशी पाणी पाझरलं. नत्थुजीला चेव चढला.

"अजून खणतो, भरभर येईन!"

"खबरदार!" मनकर्णानं त्याचा हात धरला. "खोल गेले की खारं. वर गोडं, खाली खारं. त्या विहिरीचं काय झालं, ऐकलं नाई का? थांबा आता. त्याले निवळू द्या."

एव्हाना सारी सहल खड्ड्याभोवती गोळा झाली होती. पहिलं गढूळ पाणी तिनं हलक्या हातानं काढून फेकलं. दुसऱ्यांदा भरलं, तेही फेकलं. लोक कळवळले, पण ती हलली नाही. तिसऱ्यांदा खड्ड्यात जे पाणी चढलं ते स्वच्छ होतं. तिनं करवंटीचीच वाटी करून ती आडवी धरली, तळ न ढवळता वरचंवरचं पाणी तिच्यात येऊ दिलं, आणि एक घोट घेतला.

"गोडं हाये," ती म्हणाली.

कोणी पुढं झालं नाही. मागून खुशालराव बोलले, आणि आवाजात चांगलीच धार होती.

"तुमाले तं तेही गोडंच लागलं होतं, बाई."

एक-दोघं हसले. मनकर्णाचे कान तापले. खरंच होतं ते. आयुष्यभर खारं पाणी प्यालेल्या जिभेवर कोण विश्वास ठेवील? क्षणभर तिला वाटलं, वाटी पालथी करावी आणि होडीत जाऊन बसावं. पण पाणी तिला माहीत होतं. बाकी काही नसेल, वाळूतलं पाणी तिला माहीत होतं. तिनं वाटी पुन्हा भरली, उठली आणि सरळ पार्वताबाईपुढं जाऊन उभी राहिली.

"माया जिभेवर नोका जाऊ. तुमची जीभ गोड्या पाण्याची हाये. तुमी सांगा."

पार्वताबाईनं वाटी घेतली. वास घेतला. जिभेचं टोक लावलं. वीस माणसं तिच्या तोंडाकडे पाहत होती, वामनरावांची छत्रीसुद्धा हलायची थांबली होती. मग पार्वताबाईनं एक घोट घेतला, डोळे मिटले, आणि वाटी पार तळापर्यंत रिकामी केली.

"काय व?" खुशालरावांनी विचारलं.

"आपल्या विहिरीचं पाणी आणून ठेवलं असन इथं कोणी," ती म्हणाली. "आणा अजून. पोरीले द्या आधी!"

मग काय विचारता! एकच गलका उडाला. पोरं खड्ड्यात उडीच टाकत होती, त्यांना नत्थुजीनं बखोटं धरून मागं ओढलं आणि रांग लावली. मनकर्णा वाटीवाटीनं पाणी काढत होती, नत्थुजी घागरीत ओतत होता, आणि खड्डा भरत होता, भरतच होता. खुशालराव दोन तांबे प्याले. तिसरा तोंडावर मारला आणि ओशाळं हसून नत्थुजीला म्हणाले, "तंबाखू काढा ना, भाऊ. चंची लपवली कुठं?" वामनरावांनी सांगून टाकलं, की पुढल्या वर्षीपासून सहलीच्या कार्यक्रमात राणीच्या महालाबरोबर हा झिराही राहील. म्हाताऱ्या भगवंतानंही ओंजळ भरून घेतली.

"माझी आजी असंच काढायची," तो म्हणाला. "विहीर झाली आणि आम्ही विसरलो. तुम्हाला हो कसं ठाऊक, बाई? समुद्रापासून इतक्या लांबच्या तुम्ही."

"आमचाही समुद्रच हाये," मनकर्णा म्हणाली. "फक्त जमिनीच्या खाली हाये." आणि ती हसली. सकाळपासून पहिल्यांदाच हसली. खारपाण हे नाव तिनं जन्मात कधी ताठ मानेनं घेतलं नव्हतं. आज सगळ्यांनी तिला गाव विचारलं, आणि तिनं तेल्हारा न म्हणता आपल्या खऱ्या गावाचं नाव सांगितलं, दोनदा सांगितलं.

गर्दी पांगली. घागरी भरून सावलीत गेल्या. मनकर्णा एकटीच शेवटचा तांब्या भरत होती, तेवढ्यात कोणीतरी पलीकडे येऊन बसलं. शालू होती. तोंडावर पुन्हा रंग आला होता. पदर खोचून तिनं वाटी उचलली आणि पाण्यात बुडवली, तशी तळची वाळू उठली आणि सारं गढूळ झालं. पोरगी चपापली. मनकर्णानं तिचं मनगट धरलं, वाटी आडवी केली आणि पाणी आपणहून कसं आत येतं ते दाखवलं. दुसरी वाटी शालूनं स्वतः काढली. निवळशंख निघाली. तिसरी काढली. मग खाली मान घालून, अगदी हळू तिनं विचारलं,

"रोजच्या रोज नवीन खणा लागते का, आत्याबाई?"

मनकर्णाचा हात जागीच थांबला. सुनेनं सासूला मारायची हाक ती. पोरीला ती कोणी शिकवून पाठवली नव्हती, हे तिच्या लाल झालेल्या कानांवरूनच कळत होतं.

मनकर्णानं वर पाहिलं. चार पावलांवर पार्वताबाई उभी होती. तिनं ऐकलं होतं. तिनं टेकडीवर नत्थुजीशेजारी बसलेल्या नवऱ्याकडे पाहिलं. त्यांनी चंचीतली तंबाखू तळहातावर घेतली आणि ते समुद्राकडे पाहत चोळत राहिले. पार्वताबाई मग लेकीकडे वळली, आणि आता ही रागावणार, असंच मनकर्णाला वाटलं.

"मोठ्यानं बोलत जा, पोट्टे," पार्वताबाई म्हणाली. "एवढ्या लाटायच्या आवाजात तुया आत्याबाईले ऐकू नाई आलं."

ऐकू तर चांगलं आलं होतं. पण मनकर्णा तसं काही बोलली नाही. पोरीनं ते पुन्हा एकदा म्हणावं म्हणून ती खाली मान घालून, कान देऊन बसून राहिली.