‘पर्यंत’चा रकाना

मित्रांनो, ठाणेदाराच्या खुर्चीमागे टांगलेला जुना सागवानी फलक तुम्ही कधी पाहिला असेल. तो मी. माझं ठाणं मारेगावच्या पुढे, कपाशीच्या रस्त्यावर आहे. गावाचं नाव सांगत नाही. सांगितलं तर माझीही बदली व्हायची.

केळापूरच्या सुताराने मला रंधा मारला. रहेमान पेंटरने हिरवा रंग दिला आणि पिवळ्या रेघांनी चार रकाने आखले. क्रमांक, नाव, पासून, पर्यंत. नवा साहेब आला की आधी मला वाचायचा, मग कोठडी पाहायचा. माझं कौतुक एवढंच. ठाण्याचा एक रिवाज होता. जाणाऱ्या साहेबाने शेवटची तारीख आपल्या तोंडाने सांगायची आणि रहेमानने ती लिहायची.

क्रमांक : १७
नाव : देवसिंग आडे
पासून : १३ जून २०२२
पर्यंत :

हा रकाना दोन वर्षं रिकामा राहायला हवा होता. कायदा तसं म्हणतो. पण मध्ये मारोती मेला.

मारोती फवारणीचा मजूर. दुकानदाराने बंदी असलेलं औषध विकलं, ते फवारताना तो कपाशीच्या तासात, दोन ओळींच्या मध्ये, पडला तो उठलाच नाही. त्याची बायको तानाबाई ठाण्यात आली. आडेसाहेबांनी गुन्हा नोंदवला, दुकानाला सील ठोकलं. दुकानदाराचे हात लांब होते. दोषारोपपत्र कोर्टात जायला दहा दिवस उरले असताना, एका शनिवारी बदलीचा आदेश आला.

“मी चार्ज देत नाही,” साहेब मुन्शी बबनरावांना म्हणाले. “सोमवारी नागपूरले न्यायाधिकरणात अर्ज टाकतो.”

पण बबनरावांनी रिवाजाप्रमाणे रहेमानला आधीच बोलावलं होतं. म्हातारा सायकलवरून धापा टाकत आला.

“तारीख कोनती टाकू साहेब? का खाली हात जाऊ?”

साहेबांना त्याची दया आली. “लिहा चाचा, आजचीच लिहा. रंगच हाय, खरडता येते. मले कागदावर लढाचं हाय, लाकडावर नाही.”

पर्यंत : ११ मार्च २०२३

रंग ओला असतानाच कोणीतरी माझा फोटो काढला. रविवारी नवे साहेब खुर्चीत बसले. सोमवारी नागपुरात सरकारी वकिलांनी तोच फोटो पुढे केला. अर्जदाराने स्वतःच्या तोंडाने तारीख सांगून लिहवून घेतली आहे, पदभार सुटला आहे, आता स्थगिती कशाला? स्थगिती मिळाली नाही.

मित्रांनो, मी साक्षीदार झालो. मला कोणी काही विचारलं नाही.

निकाल लागला ७ जून २०२४ ला. बदली बेकायदा. आडेसाहेब जिंकले. त्यांच्या दोन वर्षांतले तेव्हा पाच दिवस उरले होते.

“पाच दिवसासाठी येऊन काय करतीन? पंखे पुसतीन?” बबनराव म्हणाले. साहेब आले नाहीत. मारोतीच्या कागदांवर ‘अपघाती मृत्यू’ असा शेरा कधीच पडला होता. दुकान उघडलं होतं.

आडेसाहेबांची ती तारीख लिहिल्यानंतर रहेमानने पुन्हा ब्रश हातात धरला नाही. आता नवी नावं स्टिकरवर छापून येतात आणि माझ्या अंगावर चिकटवतात. उन्हाळ्यात त्यांचे कोपरे सुटतात.

साहेब जिंकले हे ऐकून तानाबाई आली. तिला वाचता येत नाही. ती माझ्यासमोर उभी राहिली.

“बबनराव, हे काय लिहून हाय?”

“इथं काम केलं त्या साहेबांचे नावं हायेत, बाई.”

“वाचा बरं.”

बबनरावांनी वाचली. पहिल्यापासून एकोणिसाव्यापर्यंत, तारखांसकट. तानाबाईने सगळी ऐकली.

“आन् माह्या मारोतीचं कुठं लिहून हाय?”

बबनराव चष्मा काढून पुसत बसले.

मित्रांनो, जुन्या वस्तूंची निगा राखा, असं तुम्हाला शिकवतात. माझी राखू नका. धूळ बसली तर बसू द्या, वाळवी लागली तर लागू द्या. त्या दिवशी ती बाई तासभर उभी होती आणि ठाण्यात चार खुर्च्या रिकाम्या होत्या. मोठे होऊन तुमच्यातलं कोणी इथे आलंच, तर आधी तिला बसायला द्या.